अल-जझरीच्या घड्याळाचा एक दिवस

गोष्टीतले कालजादूगार काळ थांबवतात, नाहीतर मागे फिरवतात. अल-जझरीने यातले काहीच केले नाही. त्याने तास ताणले आणि आखडले, तेही नुसत्या पाण्याच्या जोरावर. तैग्रिस नदीकाठच्या आमिदमध्ये, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या दियारबकिरमध्ये, तो आर्तुक राजघराण्याच्या चाकरीत होता. ‘बदीउझ्झमान’, काळातले नवल, ही त्याची पदवी. राजा नासिरुद्दीन महमूदच्या सांगण्यावरून त्याने आपल्या पन्नास यंत्रांचा ग्रंथ लिहिला आणि 1206 मध्ये तो पुरा केला. त्यातले पहिलेच यंत्र किल्ल्यासारखे दिसणारे भव्य जलघड्याळ. जझरीचा दिवस बघायचा तर या घड्याळाचा बघावा. ठिकाण आमिद धरू आणि दिवस जूनमधला, वर्षातला सर्वांत मोठा.

सूर्योदयाआधी. दर्शनी भागात सगळे स्तब्ध आहे. दारांच्या दोन रांगा, एकेका रांगेत बारा, सगळी बंद. दोन्ही बाजूंना एकेक ससाणा, वर राशिचक्र. खरी लगबग मागच्या बाजूला चालते. राखणदार मोठी टाकी काठोकाठ भरतो, गोळे आपापल्या जागी ठेवतो आणि मग दिवसातले सगळ्यात नाजूक काम हाती घेतो : राशी आणि अंश कोरलेल्या तबकडीवर काटा आजच्या अंशावर आणायचा. आज कर्केचा आरंभ.

त्या काळी दिवसाचे तास बाराच, उन्हाळा असो की हिवाळा. सूर्योदय ते सूर्यास्त एवढ्या वेळाचे बारा सारखे भाग करायचे. आमिदच्या अक्षांशावर जूनमधला असा तास आपल्या सुमारे 74 मिनिटांचा होतो, डिसेंबरमधला जेमतेम 48 मिनिटांचा. टाकी मात्र तीच, पाणीही तेवढेच. म्हणजे धार रोज वेगळी हवी.

पहिला तास. टाकीतले पाणी उतरते तसा तिचा दाब कमी होतो आणि धार मंदावते. यावर जझरीचा तोडगा असा, की टाकीच्या तोटीखाली एक छोटी कोठी आणि तिच्यात तरंगता फ्लोट, वर शंकूच्या आकाराचे बूच. पाणी चढले की बूच तोंड बंद करते, उतरले की उघडते. आपल्या गच्चीवरच्या टाकीतला चेंडूही हेच करतो. कोठीतली पातळी अशी कायम राहते. मग धार ठरते ती फक्त बाहेर पडायचे भोक पातळीच्या किती खाली आहे यावरून. भोक वर नेले तर धार मंद आणि तास लांब, खाली आणले तर तास आखूड. भोक वरखाली करण्याचे काम त्या राशींच्या तबकडीचे.

तबकडीवरचे अंश कुठे कोरायचे, हा प्रश्न वरवर सोपा वाटतो. जुन्या आराखड्यांत अर्धवर्तुळाकार पट्टीवर खुणा होत्या. जझरीने त्या ताडून पाहिल्या, चुकीच्या ठरवल्या आणि पूर्ण वर्तुळ घेऊन प्रयोगांनी आपल्या खुणा बसवल्या. पाण्याचा वेग खोलीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतो हे इटालियन शास्त्रज्ञ तोरिचेल्लीने मांडले ते 17व्या शतकात. जझरीकडे सूत्र नव्हते, धीर होता. मला विचाराल तर ससाण्यांपेक्षा खरी जादू या तबकडीत आहे, आणि ती घड्याळाच्या मागे, कुणाला न दिसणाऱ्या जागी आहे.

तास पुरा होतो. दारांसमोरून इवलीशी चंद्रकोर सावकाश सरकत आलेली असते. वरचे दार उघडते, आत बाहुली उभी. खालचे दार फिरून वेगळा रंग दाखवते. दोन्ही ससाणे पुढे झुकतात, पंख पसरतात आणि चोचीतला गोळा खालच्या पात्रातल्या झांजेवर टाकतात. खणकन. दुसऱ्या, तिसऱ्या, चौथ्या, पाचव्या तासाला हेच.

सहावा तास, माध्यान्ह. आता वाजंत्री. दोन नगारेवाले, दोन कर्णेवाले, एक झांजवाला, सगळे यांत्रिक. साठलेले पाणी एकदम सुटते, त्याने चाक फिरते आणि चाकावरचे दाते वादकांचे हात हलवतात. तेच पाणी बंद भांड्यात शिरून आतली हवा बाहेर ढकलते आणि कर्णे वाजतात. दुपारच्या नमाजाची वेळ. राजा महमूदला वजू करताना, म्हणजे नमाजाआधी हातपाय धुताना, नोकराने किंवा दासीने हातावर पाणी ओतलेले आवडत नसे, म्हणून जझरीने त्याला आपोआप पाणी सोडणारे यंत्रही करून दिले होते. राजाच्या लहरीतून किती इंजिनिअरिंग जन्मले असेल, देव जाणे.

दुपार. नवव्या तासाला पुन्हा वाजंत्री, मधले दोन तास नुसते ससाण्यांचे. तेवढ्यात त्याच ग्रंथातल्या हत्तीच्या घड्याळाकडे वळू, कारण त्याच्या पोटात आपल्या ओळखीची वस्तू आहे. हत्तीच्या आत पाण्याची टाकी, टाकीत बुडाला भोक असलेले पात्र तरंगते. अर्ध्या तासात ते भरून बुडते आणि दोरी ओढली जाते; मग पक्षी फिरतो, गोळा सापाच्या तोंडात पडतो, माहूत हत्तीवर घाव घालतो आणि साप खाली झुकताना पात्र पुन्हा वर येते. आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त साधायला जोशीबुवा पाण्यात सोडायचे ते घटिकापात्र हेच. फक्त आपले 24 मिनिटांत बुडते आणि ते रिकामे करायला माणूस लागतो. दुबईच्या इब्न बतूता मॉलमध्ये या हत्तीची मोठी प्रतिकृती आहे, तीही भारताच्या दालनात. तिच्यापुढे सेल्फी काढणाऱ्या मराठी मंडळींना त्याच्या पोटातले आजोळ कुणी सांगत असेल का, कोण जाणे.

बारावा तास. सूर्यास्त. शेवटचे दार उघडते, ससाणे झुकतात, वाजंत्री वाजते. टाकी रिकामी झालेली असते.

राखणदाराला घरी जायची मुभा नाही. टाकी पुन्हा भरायची. दारे आता अंधारात दिसणार नाहीत. रात्रीसाठी खाली काचेची बारा गोल तावदाने आहेत, मागच्या दिव्याने तासाला एकेक उजळणारी. पण रात्रीचे तास आज पाऊणच तासाचे, धार वाढवायला हवी. त्यासाठी वेगळी तबकडी लागत नाही. कर्केतली रात्र मकरेतल्या दिवसाएवढी असते, म्हणून काटा बरोबर समोरच्या अंशावर, मकरेवर फिरवला की झाले. पहाटे तो परत कर्केवर आणायचा, कालच्यापेक्षा एक अंश पुढे.