बेने इझ्राएल आणि झायोनवाद

बेने इझ्राएल ही कोकणातील मराठीभाषक ज्यू जमात. जुन्या कुलाबा (१९८१ पासून रायगड) जिल्ह्यात तिची वस्ती कर्जत–खालापूर या घाटपायथ्याच्या भागापेक्षा किनाऱ्याकडील अलिबाग, पेण, रोहे, मुरूड परिसरात अधिक होती. नवगावजवळ गलबत फुटून वाचलेल्या सात जोडप्यांचे हे वंशज, अशी परंपरागत कथा आहे. तेलाचा घाणा शनिवारी बंद ठेवीत, म्हणून त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत.

येथे ज्यूंचा छळ झाला नाही. त्यामुळे पॅलेस्टाइनमध्ये ज्यूंची मायभूमी उभारू पाहणारा झायोनवाद त्यांना निकडीचा वाटला नाही. बाझेलच्या पहिल्या परिषदेचे (१८९७) निमंत्रण त्यांनी स्वीकारले नाही. सियोनला परतणे हे ईश्वराधीन कार्य, अशी त्यांची श्रद्धा होती. इझ्राएलच्या स्थापनेनंतर (१९४८) मात्र बहुसंख्य कुटुंबे क्रमाने तिकडे गेली. त्यामागे धर्मभावनेइतकीच चांगल्या जीवनमानाची आशाही होती.

तेथे वेगळाच प्रश्न उद्‌भवला. भेदभावाच्या तक्रारीवरून काहींनी १९५१-५२ मध्ये ठिय्या दिला व ते भारतात परतले. पुढे प्रमुख रब्बींच्या मंडळाने त्यांच्या विवाहापूर्वी वंशाची चौकशी करण्याचा आदेश काढला (१९६२). ज्यू म्हणून कोकणात ज्यांना कोणी पुरावा मागितला नव्हता, त्यांना तो मायभूमीत द्यावा लागावा, ही विसंगती बोलकी आहे. तीव्र निदर्शनांनंतर १९६४ मध्ये तेथील संसदेने त्यांना सर्व बाबतींत ज्यू मानले व आदेश बदलला गेला. प्रेषित एलियाहूच्या नावाने मलिदा करण्याची त्यांची कोकणातील चाल मात्र इझ्राएलमध्येही टिकून आहे.