पडदा आणि पिशवी (लेखांक 7) : भावोजींची पैठणी

महापालिकेच्या निवडणुकीची चाहूल लागली, की पिंपरी-चिंचवडमधल्या काळेवाडीत मंडप पडू लागतात. कमानीवर हात जोडलेले इच्छुक उमेदवार, खाली ठळक अक्षरांत 'खेळ रंगला पैठणीचा'. कुठे दुचाकी, कुठे फ्रिज, कुठे सोन्याची नथ. बक्षिसं बदलतात, पैठणी मात्र हवीच.

हा सगळा साचा टीव्हीचा. 'होम मिनिस्टर' 2004 मध्ये सुरू झाला, तेव्हा झी मराठीचं नाव अल्फा मराठी होतं. आदेश बांदेकर चाळीत शिरले, बंगल्यात शिरले, घरच्या सुनेला 'वहिनी' म्हणाले आणि स्वतः महाराष्ट्राचे 'भावोजी' झाले. नवरा लग्नाची गोष्ट सांगताना लाजायचा, सासू चारचौघांत सुनेचं कौतुक करायची (एरवी करत असो वा नसो), आणि जिंकणाऱ्या वहिनीला पैठणी मिळायची. मालिकांमधल्या सुना डोळे पुसत असताना इथली खरी सून हसत होती. 2022 मध्ये याच कार्यक्रमाच्या 'महामिनिस्टर' पर्वाने तर 11 लाखांची पैठणी लावली. कार्यक्रम 2024 मध्ये थांबला. मंडपातला खेळ थांबलेला नाही.

काळेवाडीत तो का रुजला, हे सरळ आहे. मराठवाडा, खानदेश, विदर्भातून आलेली कुटुंबं, घरचा माणूस भोसरी-चाकणच्या शिफ्टमध्ये, सासर-माहेर दोन्ही लांब. अशा बाईला माइकवर स्वतःचं नाव घेऊन बोलावलं जातं, ती उखाणा घेते, शेजारणी टाळ्या वाजवतात. उमेदवाराला एवढी गर्दी भाषणाने जमवता येत नाही. गर्दीची मतं होतातच असंही नाही: खुद्द बांदेकर 2009 मध्ये माहीममधून विधानसभेला उभे राहिले आणि पडले.

बाजाराने मात्र हा खेळ जिंकला. पूर्वी पैठणी ऐपतदार घरच्या लग्नात दिसायची. येवल्यात हातमागावर एकेक मोर, एकेक कमळ विणायचं म्हणजे आठवडे जातात, भरजरी पदर असेल तर महिने. रोज संध्याकाळी पडद्यावर दिसणारी साडी घराघरातल्या बाईला हवीशी वाटू लागली, तेव्हा ती मागणी हातमाग कुठून पुरवणार? ती यंत्रमागाने पुरवली. 'सेमी पैठणी' पिंपरी कॅम्पातल्या दुकानांत ढिगाने दिसते, हळदीकुंकवाला नेसली जाते, मंडपात वाटलीही जाते. भौगोलिक मानांकनाचं संरक्षण मिळूनही विणकराच्या वाट्याला या नव्या गिऱ्हाइकाचा थोडाच पैसा येतो.

सेमी नेसण्यात कमीपणा काहीच नाही. फक्त दुकानदार 'अस्सल येवल्याची' म्हणाला, तर पदर उलटा करून पाहा. हातविणीच्या पदराची मागची बाजू जवळपास पुढच्यासारखीच स्वच्छ असते. सेमीच्या मागे सुटे किंवा कापलेले धागे दिसतात. ते दिसले, तर भावही सेमीचाच द्या.