कुकीनं पान्हा फुटत नाही, पोट मात्र भरतं

रायपूरच्या तेलीबांध्यात मराठी घरात बाळ जन्मलं की बाळंतिणीपुढे तीन ठिकाणचा खाऊ येतो. छत्तीसगढी शेजाऱ्यांच्या रीतीप्रमाणे छट्ठीला उकळलेलं ‘कांके पानी’, म्हणजे जडीबुटींचा गूळ घातलेला काढा, आणि जोडीला सोंठचे लाडू. नागपूर-अमरावतीकडून आलेल्या आईच्या पिशवीत डिंकाचे आणि अळिवाचे लाडू. तिसरा डबा मोबाइलवरून मागवलेला, नाहीतर घरच्या ओव्हनमध्ये भाजलेला: ओट्स, जवस, मेथी, बदाम घातलेल्या ‘लॅक्टेशन कुकीज’. तिन्हींसोबत एकच आश्वासन येतं, ‘दूध वाढेल’.

या आश्वासनामुळे दोन्हीकडून नुकसान होतं. दूध खरंच कमी पडत असेल तर खरा उपाय लांबणीवर पडतो. आणि दूध पुरेसं असलं तरी आई स्वतःला दोष देत डबे रिकामे करत राहते. कुकीत वाईट काही नाही. तिच्याकडून भलतं काम अपेक्षित असतं, एवढंच.

गैरसमज: ओट्स, यीस्ट, मेथीची कुकी खाल्ली की दूध वाढतं.

वस्तुस्थिती: याची थेट परीक्षा झालेली आहे. अंगावर पाजणाऱ्या १७६ अमेरिकी मातांवरचा एक अभ्यास २०२३ मध्ये ‘अमेरिकन जर्नल ऑफ क्लिनिकल न्यूट्रिशन’मध्ये प्रसिद्ध झाला. एका गटाला महिनाभर रोज लॅक्टेशन कुकीज दिल्या, दुसऱ्याला साध्या कुकीज. दुधाच्या प्रमाणात फरक दिसला नाही. त्याआधी, २०२० मध्ये, कॉक्रेन या संस्थेनं दूधवाढीच्या औषधांवरचे आणि वनस्पतींवरचे ४१ प्रयोग एकत्र तपासले होते. मेथी, शेवगा, बडीशेप अशा पदार्थांनी थोडा फायदा होत असेलही, पण पुरावा फार कच्चा आहे, असा त्याचा निष्कर्ष निघाला.

दूध तयार होतं ते मागणीवर. बाळ ओढतं तेव्हा आईच्या मेंदूतून प्रोलॅक्टिन आणि ऑक्सिटोसिन ही संप्रेरकं सुटतात. पहिलं दूध बनवतं, दुसरं ते बाहेर सोडतं. स्तन भरलेलेच राहिले तर शरीर निर्मिती कमी करतं, रिकामे झाले तर वाढवतं. म्हणून दिवसरात्र मिळून आठ ते बारा वेळा पाजणं आणि बाळानं स्तन नीट तोंडात धरणं, यापुढे कुठल्याही डब्याची मातब्बरी नाही.

मग ‘मला तर फरक जाणवला’ असं अनेकजणी का सांगतात? बाळंतपणानंतरच्या पहिल्या आठवड्यांत दूध आपसूकच वाढत असतं. नेमक्या त्याच दिवसांत लाडू किंवा कुकीही सुरू झालेली असते, आणि श्रेय तिला जातं.

गैरसमज: पहिले दोन दिवस दूधच नसतं, म्हणून वरचं द्यावं लागतं.

वस्तुस्थिती: पहिल्या दिवसांत येतो तो चीक. तो थोडा, घट्ट, पिवळसर असतो आणि तेवढाच पुरतो, कारण नवजात बाळाचं पोट पहिल्या दिवशी एका वेळी चहाच्या चमचाभराच्या आसपासच घेऊ शकतं. भरपूर दूध साधारण दुसऱ्या ते चौथ्या दिवसात उतरतं. जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस स्पष्ट आहे: जन्मानंतर तासाभरात पाजायला सुरुवात, सहा महिने फक्त आईचं दूध, त्यानंतर वरच्या अन्नासोबत दोन वर्षं किंवा पुढेही. चिकाआधी मध किंवा गुळाचं पाणी चाटवणं चूक आहे. मध तर वर्षाच्या आतल्या बाळाला देऊच नये.

गैरसमज: बाळ रडतं, स्तन मऊ लागतात, म्हणजे दूध कमी आहे.

वस्तुस्थिती: पहिल्या काही आठवड्यांनी स्तन मऊ लागणं स्वाभाविक आहे, शरीरानं मागणीचा अंदाज बांधलेला असतो. रडण्याची कारणंही दहा असतात. भरवसा दोन गोष्टींवर ठेवा. पाचव्या दिवसानंतर बाळ चोवीस तासांत किमान सहा वेळा लघवी करतं का, आणि जन्माचं वजन दोन आठवड्यांच्या आत भरून काढतं का. दोन्ही उत्तरं ‘हो’ असतील तर दूध पुरतंय.

उत्तर ‘नाही’ असेल तर खाऊ बदलू नका, डॉक्टर गाठा. बाळाची स्तन धरण्याची पद्धत, थायरॉइड, प्रसूतीत झालेला मोठा रक्तस्राव, गर्भाशयात राहिलेला वारेचा तुकडा, अशी कारणं शोधावी लागतात. सर्दीच्या काही गोळ्यांत असणारं स्यूडोएफेड्रिनही दूध घटवतं. यातलं एकही कारण लाडवानं किंवा कुकीनं दूर होत नाही.

गैरसमज: पौष्टिक कुकी रोज खाल्ली की आईचं पोषण झालं.

वस्तुस्थिती: इथे कुकीला खरा वाव आहे, मर्यादाही आहे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि हैदराबादची राष्ट्रीय पोषण संस्था यांच्या २०२० च्या शिफारशींनुसार स्तनदा आईला पहिले सहा महिने नेहमीपेक्षा रोज सुमारे ६०० किलोकॅलरी आणि १७ ग्रॅम प्रथिनं जास्त लागतात. कॅल्शियमची एकूण गरज १२०० मिलिग्रॅम होते.

एक घाणा करून पाहू. नाचणीचं पीठ १०० ग्रॅम, कणीक ५०, भाजलेले तीळ ४०, बदामाची पूड ३०, भाजलेले अळीव १५, गूळ ८० आणि तूप ९० ग्रॅम. नाचणीत ग्लूटेन नसतं, त्यामुळे नुसत्या नाचणीच्या कुकीचा हातात भुगा होतो. बांधणीसाठी ती थोडी कणीक हवीच. नाचणीचं पीठ मंद आचेवर खमंग वास सुटेपर्यंत परतायचं, पूर्ण गार करायचं. तूप आणि किसलेला गूळ हलका होईपर्यंत फेटून त्यात सगळं मिसळायचं आणि दुधाचा हबका मारून गोळा करायचा. अर्धा तास झाकून ठेवला की नाचणी ओलावा शोषते आणि कडा फुटत नाहीत. मग २० कुकीज थापून १६० अंशांवर १५ ते १८ मिनिटं भाजायच्या. नाचणी मुळातच तपकिरी, त्यामुळे रंगावरून अंदाज येत नाही; कड दाबून घट्ट लागली की झालं. मधला भाग मऊ वाटला तरी ओव्हन बंद करायचा, जाळीवर गार होताना कुकी कडक होते.

आता हिशेब. या घाण्यात साधारण २००० किलोकॅलरी, ३० ग्रॅम प्रथिनं आणि हजार-अकराशे मिलिग्रॅम कॅल्शियम आहे. म्हणजे तीन कुकीजमध्ये सुमारे ३०० किलोकॅलरी, साडेचार ग्रॅम प्रथिनं आणि १६० मिलिग्रॅम कॅल्शियम. जादा ऊर्जेची निम्मी गरज भागली, जादा प्रथिनांची जेमतेम पाव. उरलेली प्रथिनं वरण, उसळ, दही, अंडी, मासे यांतूनच यायला हवीत. तीनाऐवजी सहा कुकीज खाऊन ती भरून काढायला गेलं तर तूप आणि गूळच जास्त पोटात जातो.

मध्यरात्री बाळाला पाजल्यावर भूक खवळते, घर झोपलेलं असतं, एक हात अडकलेला असतो. अशा वेळी उशाशी ठेवलेला हा डबा लाखमोलाचा.

गैरसमज: गुळाची आहे, म्हणजे लोह मिळतं आणि साखरेची भीती नाही.

वस्तुस्थिती: १०० ग्रॅम गुळात लोह साधारण ४ ते ५ मिलिग्रॅम. वरच्या तीन कुकीजमध्ये गूळ येतो १२ ग्रॅम, म्हणजे लोह अर्धा मिलिग्रॅम. रक्तातली साखर मात्र गूळही साखरेसारखीच वाढवतो. गरोदरपणात मधुमेह झालेल्या बाईनं हे विशेष लक्षात ठेवावं. अळिवात लोह चांगलं असतं, पण चमचा-दोन चमच्यांनी पंडुरोग हटत नाही. सरकारी कार्यक्रमात बाळंतपणानंतर १८० दिवस रोज एक लोह-फॉलिक ॲसिडची गोळी मोफत मिळते आणि तिच्यात ६० मिलिग्रॅम लोह असतं. कुकी खा, पण गोळी चुकवू नका. गोळी चहाबरोबर मात्र घेऊ नका, चहा लोह शोषू देत नाही.

गैरसमज: पाकिटावर ‘मिलेट’ लिहिलंय, म्हणजे आईसाठी उत्तम.

वस्तुस्थिती: छत्तीसगढनं २०२१ मध्ये मिलेट मिशन सुरू केलं आणि कोदो, कुटकी, रागी हे शब्द रायपूरच्या दुकानांत रुळले. पण ही तिन्ही धान्यं एकसारखी नाहीत. १०० ग्रॅम नाचणीत, म्हणजे रागीत, ३५० मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं. कोदोत वीस मिलिग्रॅमही नसतं. कोदो तांदळाच्या जागी चांगला, कॅल्शियमसाठी नाही.

पाकीट उलटून घटकांची यादी वाचा. आपल्याकडच्या नियमानुसार घटक वजनाच्या उतरत्या क्रमानं छापावे लागतात. मैदा, साखर, पामतेल आधी आणि रागी शेवटाकडे असेल, तर तुम्ही मैद्याचंच बिस्कीट विकत घेताय. घरगुती बेकरकडून घेत असाल तर हेच तोंडी विचारा: पीठ कुठलं, तूप की वनस्पती, गोड किती, भाजली कधी. रायपूरच्या मे महिन्यात पारा ४४-४५ अंशांवर जातो. जवस, तीळ, बदाम यांतलं तेल अशा उन्हात लवकर खवट होतं, म्हणून डबा लहान घ्या आणि घट्ट झाकणाचा ठेवा.

जवसाबद्दल आणखी एक. आईनं जवस खाल्लं तर दुधातलं एक ओमेगा-३ मेदाम्ल वाढतं, पण बाळाच्या मेंदूसाठी ज्याचं नाव घेतलं जातं ते डीएचए त्यानं वाढत नाही. ते मुख्यतः माशांतून मिळतं.

गैरसमज: नैसर्गिक आहे, कितीही खा.

वस्तुस्थिती: लाडवातली किंवा कुकीतली चमचाभर मेथी बहुतेकींना सोसते. मेथीच्या कॅप्सूल ही वेगळी गोष्ट. मोठ्या मात्रेत मेथी जुलाब करते आणि रक्तातली साखर उतरवते. मधुमेहाची किंवा रक्त पातळ करणारी औषधं चालू असतील तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय ती घेऊ नये. शेंगदाण्याची ॲलर्जी असणारीनंही जपावं, मेथी त्याच कुळातली.

डिंकही तपासून घ्या. लाडवाचा डिंक तुपात फुलतो. गोंद कतीरा पाण्यात भिजून फुगतो, तुपात नाही. डिंकानं दूध वाढतं याला पुरावा नाही. लाडवाची ताकद मुख्यतः तूप, खोबरं, खारीक आणि गुळातून येते.

गैरसमज: आईनं डाळ, कोबी, आंबट खाल्लं की बाळाच्या पोटात वारा धरतो.

वस्तुस्थिती: वायू आईच्या आतड्यात तयार होतो, तो दुधात उतरत नाही. आईनं आंबट खाल्लं म्हणून दूध आंबट होत नाही. पथ्याच्या नावाखाली डाळी, भाज्या, फळं बंद केली की सगळ्यात आधी घटतात ती प्रथिनं, म्हणजे जी कुकीतून भागत नाहीत तीच. एखादा ठरावीक पदार्थ खाल्ल्यावर दर वेळी बाळाला पुरळ किंवा शौचातून रक्त असा त्रास दिसला, तरच डॉक्टरांना विचारून तो बंद करावा.

पाण्याचंही तसंच. आईचं दूध जवळजवळ ८७ टक्के पाणी असतं, म्हणून तहान लागेल तसं प्यावं. पण तहान नसताना तांब्ये रिचवून दूध वाढत नाही.

तेव्हा डिंकाचा लाडू करा, कांके पानी प्या, नाचणीच्या कुकीज भाजा. आई भुकेली राहू नये म्हणून करा. दूध वाढवायचं काम बाळाकडे आणि आईच्या विश्रांतीकडे सोपवा. आणि घरातल्या बाकीच्यांना एकच विनंती: बाळंतिणीला कुकीजचा डबा द्यायला जाल तेव्हा ‘दूध येतंय ना?’ एवढंच विचारून परतू नका. भांडी घासा, लंगोट धुवा, तिला दोन तास झोपू द्या.