निवृत्तीचे वय आणि न्यायाचा प्रश्न

सेवानिवृत्तीचे वय ५८ वरून ६० करावे, अशी मागणी महाराष्ट्रातील शासकीय कर्मचाऱ्यांच्या संघटना अनेक वर्षे करीत आल्या आहेत. फ्रान्समध्ये मात्र शासनाने हे वय ६२ वरून ६४ करण्याचे ठरविताच २०२३ साली लाखो लोक रस्त्यावर उतरले. एकाच गोष्टीची येथे मागणी आणि तेथे विरोध, असे का व्हावे? फ्रेंच लोकांना कष्ट नकोसे झाले आहेत, हे उत्तर आम्हांस अपुरे वाटते.

प्रथम तेथील व्यवस्था समजून घेऊ. आज काम करणाऱ्यांच्या वेतनातून कापलेल्या वर्गणीतून आजच्या वृद्धांना पेन्शन दिली जाते. ही पिढ्यांमधील एकजूट आहे. परंतु आयुर्मान वाढले, जन्मदर घटला आणि वर्गणी भरणारे हात तुलनेने कमी झाले. तूट भरून काढण्यासाठी लोकांनी अधिक काळ काम करावे, असे शासनाचे म्हणणे होते. ही अडचण खरी आहे, हे नाकारता येत नाही.

मग विरोध कशासाठी? पूर्ण पेन्शनसाठी तेथे वयाबरोबरच ४३ वर्षांच्या वर्गणीचीही अट आहे. शिक्षण संपवून चोविसाव्या वर्षी नोकरीस लागलेल्याला ती पूर्ण करण्यास ६७ वे वर्ष उजाडते. त्याला ६२ काय आणि ६४ काय, फारसा फरक पडत नाही. भार पडतो तो विशीच्या आसपास कामाला लागलेल्या कामगारांवर. त्यांना काही सवलती दिल्या होत्या. तरीही ओझी उचलून ज्यांचे शरीर झिजले, त्यांना शेवटची दोन वर्षे सर्वांत जड जातात. आपल्याकडील शासकीय कर्मचाऱ्याला दोन वर्षे वाढली तर सुरक्षित वेतन मिळते. तेथील कामगाराला मात्र आपली विश्रांती हिरावून घेतली असे वाटले.

१९ जानेवारी २०२३ रोजी आठही प्रमुख कामगार संघटना एकत्र आल्या. १९१९ साली स्थापन झालेली ख्रिस्ती कामगारांची संघटनाही त्यांत होती. ७ मार्चच्या मोर्च्यांत गृहमंत्रालयाच्या मोजणीनुसार १२ लाखांहून अधिक, तर संघटनांच्या मते सुमारे ३५ लाख लोक सहभागी झाले. १६ मार्च रोजी शासनाने राज्यघटनेतील ४९ व्या कलमाचा आधार घेऊन लोकसभेत मतदान न घेताच विधेयक पुढे रेटले. त्यानंतरचा अविश्वास ठराव अवघ्या नऊ मतांनी फेटाळला गेला. एप्रिलमध्ये कायदा झाला, पण राग शमला नाही. अखेर ऑक्टोबर २०२५ मध्ये पंतप्रधान सेबास्तियाँ लकोर्नू यांनी २०२७ च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीपर्यंत या सुधारणेला स्थगिती देण्याची घोषणा केली व डिसेंबरमध्ये संसदेने तिला मान्यता दिली. तूट मात्र तशीच उभी आहे.

पोप जॉन पॉल दुसरे यांनी श्रमाविषयीच्या १९८१ सालच्या परिपत्रकात विश्रांती आणि वृद्धापकाळची पेन्शन हे कामगाराचे हक्क आहेत, असे सांगितले आहे. निवृत्तीचे वय किती असावे, हे ख्रिस्तसभा ठरवीत नाही. तो त्या त्या देशाचा, अर्थशास्त्राचा आणि विवेकाचा प्रश्न आहे. परंतु भार कोणी उचलावा, हा न्यायाचा प्रश्न आहे. वृद्धांना पेन्शन हवी, तसेच तरुणांवर असह्य वर्गणी लादली जाऊ नये, हेही खरे. या दोहोंचा मेळ घालण्यासाठी श्रमणाऱ्याला विश्वासात घ्यावे लागते. फ्रान्समध्ये तेच राहून गेले.

अशी सुधारणा उद्या आपल्या दाराशी आली, तर वयाचा आकडा पाहण्याआधी आपण दोन प्रश्न विचारावेत: हे ओझे नेमके कोणाच्या खांद्यावर येणार आहे, आणि त्याला कोणी विचारले होते का?