बाबादेवाचे मातीचे घोडे
इंदूरच्या राजेंद्र नगरातल्या गौरी-गणपतींना डोळे सरावलेले असले, तर झाबुआ-आलीराजपूरकडचा बाबादेव चटकन दिसायचाही नाही. भिल्ल-भिलाल्यांचा हा देव बहुधा झाडाखाली, उघड्यावरच. नवस फिटला की त्याच्यापुढे भाजलेल्या मातीचे पोकळ घोडे मांडतात; पाऊस-उन्हात ते फुटतात, शेजारी नवे येतात. मोठा नवस असेल तर घराच्या भिंतीवर पिठोरा काढवतात. भिंत सारवून पांढरी करायची, मग रंगीत घोड्यांची रांग. बडव्याने, म्हणजे त्यांच्या पुजाऱ्याने, पाहून पसंत केल्याशिवाय चित्र पुरं होत नाही. पिठोऱ्याचा घोडा काढण्याचा मान परंपरेने पुरुषांचा. म्हणून झाबुआतल्या पिटोलच्या भिल्ल चित्रकार भूरीबाईंनी झाडं, प्राणी, पक्षी रंगवले आणि २०२१ची पद्मश्री मिळवली!

याच भागातल्या होळीआधीच्या भगोरियाला वर्तमानपत्रं हौसेने ‘लग्नाचा बाजार’ म्हणतात. मुळात तो सणाच्या खरेदीचा आठवडी हाट. मांदळाचा ढोल, बासरी नि नाच त्याच्या जोडीने.

महूपलीकडे पातालपाणीला टंट्या मामा या भिल्ल बंडखोराचं ठाणं आहे. इंग्रजांनी त्याला ४ डिसेंबर १८८९ रोजी जबलपुरात फाशी दिलं. लोक सांगतात, त्याला सलामी म्हणून रेल्वेगाड्या इथे थोडं थांबून मगच पुढे जात.