कव्वालीत गिटार आली, तर ती कव्वाली राहते का?

निफाडमध्ये आपल्या घरांत हा वाद होतोच. पोरं मोबाईलवर गिटार-ड्रमवाली कव्वाली लावतात आणि अब्बा म्हणतात, "ही कसली कव्वाली?"

या वादात संगीताचे अभ्यासक डॉ. अशोक दा. रानडे (१९३७-२०११) आपल्या कामी येतात. मुंबई विद्यापीठाच्या संगीत केंद्राचे ते पहिले संचालक. युरोपातल्या प्रयोगशील स्ट्राविन्स्कीवरही त्यांनी मराठीत पुस्तक लिहिलं. रानड्यांनी संगीताचे सहा प्रकार मानले: आदिम, लोक, भक्ती, कला, जन आणि संगम.

आता कव्वाली याच नजरेने पाहू. दर्ग्यात गायली तर भक्तिसंगीत. सिनेमात आली की जनसंगीत. गिटारशी मेळ घातला की संगमसंगीत. चाल तीच असली तरी जागा, ऐकणारे आणि हेतू बदलतात. म्हणजे अब्बाही बरोबर आणि पोरंही.

आपलं खरं नुकसान लोकसंगीतात होतंय. शादीत हळदीच्या रात्री दादी-नानी ढोलकीवर जी गाणी म्हणायच्या, ती बहुतेक घरांत कुणी लिहून ठेवलेली नाहीत. नानी गेली की गाणंही गेलं. तेव्हा गिटारवरून भांडण्याआधी त्याच मोबाईलवर नानीचं एक गाणं तरी रेकॉर्ड करून ठेवूया.