पटकथेची कमाई, सिनेमाचं भांडवल

१९७८ साली अमेरिकेत ‘पिराना’ नावाचा एक स्वस्तातला भयपट आला. माणसं खाणारे मासे नदीत सुटतात, एवढीच त्याची गोष्ट. ती लिहिणाऱ्या जॉन सेल्स यांच्या नावावर तोवर दोन कादंबऱ्या होत्या आणि त्यांतली दुसरी, ‘युनियन ड्यूज’, नॅशनल बुक अवॉर्डच्या अंतिम यादीत पोचली होती. चित्रपट होता रॉजर कॉर्मन यांच्या कंपनीचा. कमी पैशांत, कमी दिवसांत चित्रपट काढण्याबद्दल ते प्रसिद्ध. त्यांच्यासाठी सेल्स मासे, गुंड आणि अंतराळातली युद्धं लिहीत राहिले आणि मिळालेले पैसे बाजूला टाकत राहिले.

त्याच पैशांतून ‘रिटर्न ऑफ द सिकॉकस सेव्हन’ (१९८०) उभा राहिला. खर्च सुमारे ६० हजार डॉलर. न्यू हॅम्पशरमध्ये मित्रांच्या नाटक मंडळीत काम केल्यामुळे तिशीकडे झुकलेले, अजून नटांच्या संघटनेचे सभासद नसलेले चांगले नट त्यांच्या ओळखीचे होते. म्हणून गोष्टही तिशीकडे झुकलेल्या मित्रांची. कॅमेरा हलवण्याची साधनं परवडणार नव्हती, म्हणून पात्रं भरपूर: एकावरून दुसऱ्यावर जाता आलं की दृश्य आपोआप हलतं. हाताशी काय आहे ते आधी मोजायचं आणि मग लिहायला बसायचं, ही शिस्त त्यांनी पुढे कधी सोडली नाही. आपले चित्रपटही ते बहुतेक वेळा स्वतःच संकलित करत आले.

स्टुडिओचा अनुभव त्यांनी घेतला. ‘बेबी इट्स यू’च्या (१९८३) वेळी संकलनावरून पॅरामाउंटशी त्यांचा वाद झाला, आणि त्यानंतर अंतिम शब्द आपलाच राहील अशाच अटीवर ते काम करू लागले. ही अट महाग पडते. त्याच वर्षी त्यांना मॅकआर्थर फेलोशिप मिळाली. तिच्या रकमेचा हातभार लावून त्यांनी ‘द ब्रदर फ्रॉम अनदर प्लॅनेट’ (१९८४) काढला. हार्लेममध्ये येऊन पडलेला, बोलू न शकणारा, काळ्या वर्णाचा परग्रहवासी हा त्याचा नायक.

तो चित्रपट झाला, कारण ज्याचा ध्यास होता त्या ‘मेटवान’चं भांडवल ऐन वेळी आटलं होतं. तरुणपणी वेस्ट व्हर्जिनियातून वाटेत मिळेल त्या गाडीने फिरताना सेल्स यांनी खाणकामगारांकडून जुन्या संपाच्या हकिगती ऐकल्या होत्या. १९ मे १९२० रोजी मेटवान गावात, संपकऱ्यांना घराबाहेर काढायला आलेले खासगी बंदूकधारी आणि गावचा पोलीसप्रमुख यांच्यात गोळीबार झाला. दहा माणसं मेली, त्यांत गावचा महापौरही होता. हा चित्रपट १९८७ साली, जवळजवळ ओस पडलेल्या थर्मंड गावात चित्रित होऊन आला. संप फोडायला आणलेले कृष्णवर्णीय आणि इटालियन मजूर स्थानिकांच्या बाजूने उभे राहतात, हा त्याचा गाभा. एकमेकांना परकी असलेली ही माणसं एकमेकांचं संगीत ऐकून त्यात आपली वाद्यं मिसळतात, तो भाग मला सेल्स यांच्या सगळ्या कामात सर्वांत सुंदर वाटतो. हॅस्केल वेक्सलर यांच्या छायालेखनाला ऑस्करचं नामांकन मिळालं, आणि क्रिस कूपर हा नट याच चित्रपटातून पुढे आला.

‘युनियन ड्यूज’मधला बापही वेस्ट व्हर्जिनियाचाच खाणकामगार, पळून गेलेल्या मुलाला शोधत तो १९६९च्या बॉस्टनमध्ये येतो. कादंबरी आणि सिनेमा यांच्यात सेल्स यांची अशी सतत ये-जा असते. कादंबरीकाराचं भान ‘लोन स्टार’मध्ये (१९९६) तर लख्ख दिसतं. टेक्ससच्या सीमेवरचा एक शेरीफ जुन्या खुनाचा माग काढतो. कॅमेरा टेबलावरून सरकतो आणि मध्ये कट न घेता आपण चाळीस वर्षं मागे जातो. भूतकाळ त्याच खोलीत बसलेला असतो. या पटकथेलाही ऑस्करचं नामांकन होतं.

स्वतःच्या सिनेमासाठी पैसे कमवायला ते इतरांच्या पटकथा लिहीत आणि दुरुस्त करत राहिले, ‘अपोलो १३’वरही त्यांनी नाव न लावता काम केलं. पण २००० नंतर मध्यम खर्चाच्या स्वतंत्र सिनेमाला पैसे मिळणं अवघड होत गेलं. ‘हनीड्रिपर’ (२००७) त्यांनी आणि त्यांच्या सहचारिणी, निर्मात्या मॅगी रेन्झी यांनी स्वतःच्या बळावर उभा केला. २०१३च्या ‘गो फॉर सिस्टर्स’नंतर मोठा खंड पडला.

लेखणी मात्र थांबली नाही. फिलिपिन्समधल्या अमेरिकी युद्धावरची एक पटकथा फुगत फुगत ‘अ मोमेंट इन द सन’ (२०११) ही कादंबरी झाली: साडेनऊशेहून अधिक पानं, क्यूबा, अलास्काकडची सोन्याची धाव आणि १८९८मध्ये विल्मिंग्टनला गोऱ्यांनी उलथवलेली नगरसत्ता. त्याच युद्धावरचा ‘अमिगो’ (२०१०) त्यांनी फिलिपिन्समध्येच चित्रित केला, पण तो एकाच गावापुरता आहे. कादंबरीतलं एवढं विश्व पडद्यावर आणायला लागणारा पैसा त्यांना कोणी दिला नसता. कागदावर हजार माणसांचा जमाव एका वाक्यात उभा राहतो. ‘जेमी मॅकगिलिव्हरी’ (२०२३) आणि ‘टु सेव्ह द मॅन’ (२०२५) याही आधी पटकथाच होत्या. दुसरी कार्लाइलच्या शाळेची, जिथे आदिवासी अमेरिकन मुलांचे केस कापले जात आणि त्यांची भाषा बंद केली जाई.

मराठी वाचकाने आधी ‘मेटवान’ पाहावा आणि लगेच ‘युनियन ड्यूज’ वाचावी, असं मी सुचवेन. त्यानंतर ‘लोन स्टार’.